हसणारे बाबा

९ फेब्रुवारी

ताई,

‘प्रिय’ लिहिलं होतं, खोडलं. तू गणिताची मास्तरीण. खोडलेल्या पायरीला गुण देतेस की नाही, माहीत नाही.

फोन तू उचलत नाहीस, मेसेज वाचत नाहीस, म्हणून पत्र. पत्राचं एक बरं असतं. फाडायचं म्हटलं तरी आधी हातात घ्यावं लागतं.

आई अजून बोलत नाही. बाबा गेल्याला वर्ष होत आलं, तेव्हापासून एक अक्षर नाही. बाकी सगळं ठीक आहे. जेवते, फिरते, माझे कपडे माझ्यापेक्षा नीट घड्या करून ठेवते. घसा तपासला, कान तपासले, डोक्याचा फोटो काढला. सगळं जागच्या जागी. मनाच्या डॉक्टरीणबाई म्हणाल्या, "बोलायचं कुणाशी, हे त्यांना सापडत नसावं." मी म्हटलं, "मी असते ना घरात!" त्यांनी माझ्याकडे नुसतं पाहिलं. त्या पाहण्याची फी वेगळी लावली नाही, हे उपकारच.

त्याच बाईंनी मला काम दिलंय. त्यांच्या दवाखान्याच्या वरच्या हॉलमध्ये दुपारी खचलेल्या माणसांना हसवायचं. हास्योपचार. पाटीवर तसं लिहिलंय, त्याखाली बाण, आणि बाणाखाली ‘रक्त-लघवी तपासणी’. घेतलं मी काम. क्लबवाले हल्ली मला विनोद सांगायला फारसे बोलावत नाहीत. तिथे कोवळी पोरं माइक धरून आपल्या मोडलेल्या प्रेमांवर बोलतात. माझ्या गुडघ्यांवर ऐकायला कोण येणार?

इथे विनोद सांगायचा नाही, ही पहिली अट. विनोद समजून घ्यावा लागतो, आणि ह्या माणसांना समजून घेण्याचाच कंटाळा आलेला असतो. नुसतं हसायचं. बाईंचं म्हणणं, खोटं हसलं तरी शरीराला फरक कळत नाही. शरीर इतकं भोळं असेल तर इतकी लग्नं का मोडतात, हे मी विचारणार होते. पण पहिलाच दिवस होता.

वर्गात एक दंतवैद्य आहे, बायको सोडून गेल्यापासून आतून पोखरलेला. एक निवृत्त न्यायाधीश. एक शिवणकामवाल्या बाई. आणखी काही जण कोपऱ्यात, भिंतीचा रंग झाल्यासारखे. त्यांना मी म्हटलं, "हसा." ताई, गुरांच्या दवाखान्यात बसल्यासारखं वाटलं गं! एक हंबरतोय, एक खोकतोय. आणि सगळे लाजून मेलेले. खोटं हसताना माणसाला आपलं स्वतःचं हसू पहिल्यांदा नीट ऐकू येतं, आणि ते कुणालाच आवडत नाही.

मग मी म्हटलं, "तुमचं हसू बाजूला ठेवा. मी एक देते, ते वापरा. परत करायची घाई नाही."

आणि मी त्यांना बाबांचं हसू दिलं.

थांब, पत्र ठेवू नकोस. आपल्या भांडणाचं मूळ मी विसरलेले नाही. बाबा सरकारी वजनमाप निरीक्षक. दुकानदार त्यांना बघून काटे पुसायचे आणि आपण दोघी तोंडं. बाबांच्या चेहऱ्यावर हसू तू पाहिलं नाहीस, मी पाहिलं नाही, आईने पाहिलं असेल असं वाटत नाही. शाळेत असताना मी त्यांना एकदा वाण्याचा विनोद सांगितला, तर म्हणाले, "त्याच्या काट्यावर शिक्का होता का?" अशा बापावर काय बोलणार मंचावर? रडके, गप्प बाप प्रत्येकाच्या घरी फुकट असतात, त्यांच्यासाठी तिकीट कोण काढेल? म्हणून मी दुसरे केले. कशालाही हसणारे. आधी तोंड बंद, नुसते खांदे हलतात. मग नाकातून बारीक शिट्टी, किटली तापल्यासारखी. मग मांडीवर थाप, आणि "मेलो गं, मेलो!" लोक त्या बाबांवर जीव टाकायचे. आपले बाबा गेले त्याच महिन्यात मी तो प्रयोग केला, आणि तू पहिल्या रांगेतून उठलीस. जाताना म्हणालीस, "तू आपला बाप बदलून आणलास."

तर तेच हसू. न्यायाधीशांना चटकन जमलं. आयुष्यभर लोकांना तुरुंगात धाडणारा माणूस मांडी बडवत "मेलो गं, मेलो" करत होता. शिवणकामवाल्या बाईंना शिट्टी आधी जमेना, मग थांबेना. दंतवैद्य हसता हसता रडला. म्हणाला, "रोज इतकी तोंडं उघडी बघतो मॅडम, पण आतून हे कधी आलं नव्हतं."

आईला तिथे नेऊ का? तूही तिची मुलगी, म्हणून विचारतेय. उत्तर आलं नाही तर हो समजेन.

— धाकटी

२ मार्च

ताई,

उत्तर आलं नाही. आईला नेलं.

त्याआधीचं सांगते, म्हणजे मी तुझ्यापासून काही लपवलं असं नको. वर्ग गाजायला लागला होता. खाली रक्त द्यायला आलेले लोक सुई टोचून घेता घेता वर कान लावायचे. पण काही गोष्टी जरा चमत्कारिक होत गेल्या. पहिली ही, की सगळे एकसारखे हसायला लागले. नक्कल असते ना, तिच्यात नक्कल करणारा थोडा उरतो. इथे तो उरेना. डोळे मिटले तर खोलीत एकच माणूस हसतोय, फक्त अंगाने मोठा.

न्यायाधीशांच्या बायकोचा फोन आला. "तुम्ही ह्यांना काय शिकवलंय?"

"का हो? हसत नाहीत का?"

"हसतात की! जेवताना हसतात. पण हे नाही हसत." मग आवाज खाली गेला. "आणि मला गं म्हणतात. चाळीस वर्षांत कधी गं म्हटलं नाही मला."

"मग बरंच आहे की."

"बरं काय बाई! मी वळून बघते, तर ह्यांचं तोंड बंद असतं."

दुसरी गोष्ट माझ्या धंद्यातली आहे, म्हणून फोड करून सांगते. विनोदाची शेवटची ओळ, जिच्यावर लोक फुटतात, तिला आम्ही पंच म्हणतो. पंचनंतर हसू आलं तर पोट भरतं. उशिरा आलं तरी चालतं, हॉलमध्ये कुणीतरी बँकेतला असतोच. पण पंचच्या आधी आलं तर अंगावर काटा येतो, कारण त्याचा अर्थ कुणालातरी तुमचा विनोद आधीच माहीत आहे. वर्गाच्या शेवटी मी एकदा नियम मोडून एक नवा विनोद सांगायला घेतला. सकाळी दात घासताना सुचलेला, कुणालाही न सांगितलेला. मी म्हटलं, "माझी डॉक्टर मला म्हणाली..." आणि सगळे हसले. खांदे, शिट्टी, थाप, मेलो गं. पुढची ओळ मी सांगितलीच नाही. सांगायला काही उरलं नव्हतं.

त्यानंतरच्या दुपारी आई. निळी साडी, पर्स मांडीवर, बसची वाट बघितल्यासारखी बसली. मी वर्ग सुरू केला. ते हसले.

आईने मान वर केली. कुणा एकाकडे बघितलं नाही; दंतवैद्य आणि शिवणकामवाल्या बाई ह्यांच्यामध्ये एक रिकामी खुर्ची होती, तिच्याकडे बघितलं. आणि म्हणाली,

"अहो, हळू. खाली दवाखाना आहे."

ताई, तिचा आवाज! वर्षभर न वापरलेला, आणि तरी जराही गंजलेला नाही. हसणं ताबडतोब थांबलं. सगळ्यांचं, एकदम, कुणी हात वर केल्यासारखं. डॉक्टरीणबाईंनी दारातून मला अंगठा दाखवला.

मला आनंदच झाला. आनंदच झाला असं लिहून ठेवते.

— धाकटी

२१ मार्च

ताई,

तुझं कार्ड मिळालं. "आईला माझ्याकडे पाठव. हा तमाशा बंद कर. बाबा कधी हसले नाहीत." तीन वाक्यं, तिन्हींच्या शेवटी पूर्णविराम. मी ते आईला मोठ्याने वाचून दाखवलं. तिसऱ्या वाक्याआधीच ते हसले.

कोण ते, विचारू नकोस. सांगते.

आई आता बोलते. माझ्याशीही बोलते, "चहा टाक", "ती खिडकी लाव", एवढं. पण दुपारी आपल्या खोलीत बसून ती जे बोलते ते वेगळंच. ताई, आई विनोदी आहे! इतकी वर्षं मी समजत होते की हा रोग मला बाहेरून लागला. मी दाराशी उभी राहून ऐकते. परवा सांगत होती, "वरच्या मजल्यावरच्या म्हणाल्या, तुम्ही किती वाळलात हो! म्हटलं वाळले नाही बाई, जागा केलीय." आणि खोलीतून शिट्टी, थाप, मेलो गं.

आणि एकदा म्हणाली, "तुमच्या आधी एक होते. मीठसुद्धा मोजून घ्यायचे. गेले तेव्हा मला वाटलं, एकदा वजन करून घ्यावं, खरंच गेलेत की थोडे राहिलेत."

असलं वाक्य मला सुचावं म्हणून मी वीस वर्षं माइकसमोर घाम गाळला.

तू म्हणशील, तीच हसत असेल. मलाही तेच वाटलं. म्हणून सोमवारी दार ढकलून आत गेले. आई पलंगावर बसून पाणी पीत होती. पेला ओठांना लावलेला, घोट घशातून उतरताना दिसत होता. आणि हसणं चालू होतं. खिडकीजवळच्या वेताच्या खुर्चीतून. मांडीवर थाप पडली तेव्हा खुर्ची करकरली. आईने पेला खाली ठेवला, पदराने तोंड टिपलं आणि मला म्हणाली, "दार वाजवून येत जा गं. घरात पुरुषमाणूस आहे."

मंगळवारी वर्गात गेले. सगळे गप्प. दंतवैद्य म्हणाला, "मॅडम, गेलं."

"काय गेलं?"

"ते. तोंड उघडतो, काहीच येत नाही. माझं आधीचं होतं ते तरी परत यावं, तर तेही नाही." न्यायाधीशांनी मान हलवली. शिवणकामवाल्या बाई रडत होत्या, पण हलक्या झाल्यासारख्या. कुणी मला बोल लावला नाही. भाडेकरू खोली सोडून गेल्यावर रिकाम्या खोलीत जसा आवाज घुमतो, तसे त्यांचे आवाज झाले होते. मला कळलं तो कुठे राहायला आलाय. वर्ग मी बंद केला. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, "थोडी विश्रांती घ्या, तुम्ही थकलाय." मनाच्या डॉक्टरांचं एक बरं असतं, सगळं थकव्यात बसवतात.

काल रात्रीचं जेवण झाल्यावर मी आईसमोर बसले. म्हटलं, "आई, बाबा असे नव्हते."

"मला सांगतेस? राहिलं कोण त्यांच्याबरोबर, तू की मी?"

"अगं, मग हे..."

"ते होते ते होते. हे आहेत ते आहेत."

"आई, हे मी बनवलेत! तिकीट विकायला बनवलेत. तू समोर बसून पाहिला होतास ना प्रयोग?"

"पाहिला की. तेव्हाच आवडले होते." ती लाजली, ताई. ह्या वयात, माझ्या देखत. मग माझा हात धरून म्हणाली, "कुठून आणलेस ते मी विचारत नाही. तू फक्त घालवू नकोस. ह्यांच्या आधी मी बोलत नव्हते ते वर्षभर नव्हे गं. तुम्हा पोरींना वर्षभर वाटलं, एवढंच."

आता सांग, घालवू? ते गेले तर आई पुन्हा गप्प होईल. आणि ह्या वेळी कायमची, हे तिने मला न बोलता सांगितलं.

— धाकटी

८ एप्रिल

ताई,

आईला तुझ्याकडे पाठवतेय. तूच म्हणालीस म्हणून, असं मी सगळ्यांना सांगेन. तुला खरं कारण सांगते.

ते माझ्या आधी हसतात. विनोदाच्या आधी हसायचे, तोवर ठीक होतं. मागच्या आठवड्यात मी न्हाणीघराकडे जात होते आणि खोलीतून शिट्टी आली, थाप आली. मी मनात म्हटलं, आता काय झालं हसायला? आणि पाय सरकला. पडले. कोपर सुजलंय. त्या दिवसापासून घरात हसणं झालं की मी जिथे असेन तिथे उभी राहते आणि बघत बसते, की आता काय होणार. कधी दूध उतू जातं. कधी लिफ्ट बंद पडते. परवा दोनदा हसले. एकदा दिवे गेले. दुसरं अजून काही झालेलं नाही.

आईला ह्यातलं काही खुपत नाही. ती म्हणते, "ज्याला मजा येते त्याला आधीच येते." तिचे गाल भरलेत, केस विंचरते, गुणगुणते. आधीच्या आईशी तुलना केलीस तर तू तिला ओळखणार नाहीस. बोलणं माझंच कमी झालंय. तोंड उघडलं की भीती वाटते, पलीकडून आधीच थाप पडेल, आणि मग जे बोलायचं होतं ते बोलण्यात अर्थ राहणार नाही. क्लबवाल्यांनी एक तारीख दिली होती, ती मी परत केली. आपल्या घरात एकाने तरी गप्प राहायचं, असा काही नियम आहे का गं?

आज सकाळी तिला बसमध्ये बसवून दिलं. एकच तिकीट काढलं होतं. ती कडेच्या जागेवर बसली, खिडकीची सोडून. कंडक्टर आला, "आजी, आत सरका, मागे लोक उभे आहेत."

"तिथे हे आहेत."

मी पुढे होऊन माफी मागणार होते. पण कंडक्टरने खिडकीच्या जागेकडे बघितलं, आणि त्याच्या ओठांची कड हलली. कुणी कानात काही सांगावं तसं. मागे वळून म्हणाला, "इथे नाही हो, पुढे बघा जागा." बस निघाली. आईने माझ्याकडे बघून हात हलवला नाही. ती बोलण्यात रंगली होती.

मी घरी आले. वेताची खुर्ची खिडकीजवळ आहे. मी तिच्यासमोर बसून एक विनोद सांगितला, पंचसकट, सावकाश. काही नाही. खरंच गेलेत.

माझ्यावर चिडायचं तर चीड. पण तिला नीट ठेव. आणि त्यांना पाठवू नकोस परत, इतकंच.

— धाकटी

२३ एप्रिल

धाकटीस,

आई सुखरूप पोचली. प्रकृती उत्तम आहे. तिला मागची खोली दिली आहे, उजेड चांगला आहे.

तुझी सगळी पत्रं मी वाचली होती. एकही फाडलं नव्हतं.

तू लिहिलंस त्यातलं मी काही मानलं नव्हतं. आई आली त्या दुपारी मी वह्या तपासत बसले होते आणि मागच्या खोलीतून आवाज आला. खांदे हलत असतील तेव्हाची शांतता, मग शिट्टी, मग थाप. मी दार उघडलं नाही. वह्या तशाच ठेवून बाहेर दाराशी बसले. तेव्हापासून रोज बसते. शाळेतून थेट घरी येते.

मी आत गेले की ते थांबतात. मला वाटलं, बोलले नाही म्हणून असेल. म्हणून सोमवारी आत जाऊन एक किस्सा सांगितला, शाळेतला, आमच्या शिपायाचा. कर्मचाऱ्यांच्या खोलीत त्यावर सगळे हसतात. आई हसली. दुसरीकडून काही नाही. काल आणखी एक सांगितला, जरा लांब होता. आईने मध्येच माझा हात दाबला आणि म्हणाली, "राहू दे बाळा, दमलीस." मी बाहेर आले, दार ओढून घेतलं, आणि लगेच आत ते हसले.

आई म्हणते, वेळ लागेल, ते लाजतात.

लहानपणी मी प्रगतिपुस्तक घेऊन बाबांच्या खुर्चीसमोर उभी राहायचे. सही करायचे आणि परत द्यायचे. पहिला नंबर असला तरी. तू तेव्हा फार लहान होतीस.

हे आपले बाबा नाहीत, हे मला कळतं. तुला लिहिलं होतं ते अजूनही खरं आहे. पण तुझ्यासमोर ते हसतात. आईसमोर हसतात. कंडक्टरलासुद्धा काहीतरी ऐकू आलं.

तू मंचावर काय सांगायचीस ते लिहून पाठव. सगळं, शब्द न् शब्द, कुठे थांबायचं तेही. मी पाठ करीन.

— ताई